दीड स्टॉप उजळ

मीटर बर्फाला करडा म्हणतो.
त्याचं ऐकायचं नाही.
दीड स्टॉप उजळ ठेवायचं, तेव्हा कुठे पांढरं पांढरं दिसतं.
बावीस हिवाळ्यांत शिकलेलं एवढंच
मला खात्रीने सांगता येतं.

मंगळवार पेठेतले लोक विचारतात,
नेमकं करतोस काय रं तिकडं?
सांगतो, सत्तर किलोमीटरची शर्यत असते,
पायांत लांब पट्ट्या, हातांत काठ्या, सात-आठ हजार माणसं,
आणि त्यांच्या पुढे बर्फावरच्या स्कूटरवर
मी, उलटा बसून.
'उलटा?'
उलटा. चालकाच्या पाठीला पाठ लावून.
जायचंय कुठे ते कधी दिसलं नाही,
मागून कोण येतंय तेवढंच.
(यात काही मोठा अर्थ नाही. कंबर जाते.)

सुरुवातही तशीच. राजदूतवर उलटा बसून वराती काढल्या,
मग एकदा पन्हाळ्यापर्यंतची सायकल शर्यत.
वाघबिळाच्या चढाला एक पोरगा उतरून सायकल ढकलायला लागला
आणि मी पुढच्यांना सोडून त्याच्यावर झूम केलं.
आयोजकांनी पैसे कापले.
खोड काही गेली नाही.

उणे बावीसला बॅटरी काखेत ठेवायची,
फडक्यातल्या भाकरीसारखी.
लेन्सजवळ श्वास सोडायचा नाही.
पहाटे तिथला बर्फ पायाखाली करकरतो,
थेट इरप्पाच्या दुकानातल्या कोऱ्या चपलेसारखा.
पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मागे वळून पाहिलं,
गावाकडचं कोण आलं म्हणून.
झाडं होती.

वडील, दौलू कुरणे, स्टुडिओत ट्रॉली ढकलायचे.
एका मे महिन्यात त्यांनी इथंच काश्मीर केलं,
पिंजलेला कापूस, खडेमीठ, वरून साबणाचा फेस.
नायिका शाल पांघरून, घामाने निथळत
थंडीने थरथरली. तेरा दिवस.
मिठाने रूळ गंजले.
कापूस घरी आला, त्याची उशी केली.
त्या बर्फावर मी दहावीपर्यंत झोपलो.

आता स्टुडिओच्या जागेला पत्रा मारलाय
आणि ते खाटेवर. उजवी बाजू गेली, डावा हात चालतो.
परवा भिंतीला चादर लावून
कुणाला न दाखवलेलं फुटेज त्यांना दाखवलं.
शेवटची बाई. नंबर सात हजार नऊशे चौदा.
सिग्ने, वय एकाहत्तर, हे नंतर यादीत वाचलेलं.
पहिला येऊन सहा तास झालेले,
तिकडे कमान उतरवायला लागले होते.
जंगलात अंधार, तिच्या कपाळावरचा दिवा
आणि आमच्या स्कूटरचा. बस्स.
संपादकाने त्यातलं अर्धं सेकंदही घेतलं नाही.

बाबा बराच वेळ बघत राहिले.
मग जड जिभेने म्हणाले,
'बर्फ खोटा वाटतोय.
आमचा बरा होता.'

मी हसलो. थोडं लागलंही.
रात्री मीटरचा नियम चालत नाही,
असं काहीतरी बोललो.
बाहेर कुठल्याशा तालमीचा फुटबॉल संघ जिंकला होता, फटाके.
पडद्यावर ती पडली. उठली.
चाचपडत काठी शोधली.
तेवढ्यात शेवटची बॅटरी गेली,
चादर काळी.
शेवटची रेघ तीनशे मीटरवर.

'पोचली का?'

ठाऊक नाही बाबा. हात गारठले होते,
आम्ही निघून आलो.

हे त्यांना पटलं नसावं.
गोधडीवरचा डावा हात हलायला लागला,
तळवा सपाट, सावकाश,
रुळाच्या सांध्यावर किंचित उचलून,
हिसका बसू नये म्हणून,
भिंतीकडे,
जिथे आता नुसती चादर होती.